चवीपुरतं मीठ आणि किलोमागे ९० ग्रॅम

तुमचा प्रश्न मी असा समजले. वय ३१, गाव कोल्हापूरजवळ, पुण्यात सॉफ्टवेअरची नोकरी. तीन वर्षं स्वयंपाकाचे व्हिडिओ करताय आणि सुमारे ४० हजार माणसं जोडली गेली आहेत. संजीव कपूर यांची कारकीर्द वाचताना तुम्हाला एक क्रम दिसला: आधी पडद्यावरचा चेहरा, मग त्या चेहऱ्याच्या जोरावर पुस्तकं, हॉटेलं, भांडी, स्वतःची वाहिनी. त्यावरून तुम्ही विचारताय की नोकरी सोडून आईच्या हातच्या कांदा-लसूण मसाल्याचा ब्रँड काढू, की आधी एखाद्या मराठी वाहिनीवर कार्यक्रम मिळवू?

आधी माझ्याबद्दल, म्हणजे मी कुठून बोलतेय ते कळेल. हॉटेल मॅनेजमेंट करून सहा वर्षं हॉटेलच्या किचनमध्ये काढली. नंतर अकरा वर्षं मराठी पाककृतींच्या कार्यक्रमांचं पडद्यामागचं स्वयंपाकघर सांभाळलं. गेली चौदा वर्षं पुण्याबाहेर माझं मसाले आणि चटण्यांचं छोटं युनिट आहे, बारा बायका काम करतात. संजीव कपूर यांच्याबरोबर मी काम केलेलं नाही. त्यांच्याबद्दल जे लिहितेय ते सगळ्यांना माहीत असलेलंच आहे, फक्त या धंद्यातल्या माणसाच्या नजरेनं वाचलेलं.

आणि त्या नजरेला तुमचा क्रम अर्धवट दिसतो. तुम्ही त्यांची कारकीर्द १९९३ पासून वाचायला सुरुवात केलीत. मी १९८४ पासून वाचते.

संजीव कपूर यांचा जन्म १० एप्रिल १९६४ चा, अंबाल्याचा. वडील स्टेट बँकेत, त्यामुळे लहानपण उत्तर भारतातल्या वेगवेगळ्या गावांत गेलं. दिल्लीत पुसाच्या हॉटेल मॅनेजमेंट संस्थेतून शिकून ते १९८४ मध्ये आयटीडीसीत, म्हणजे सरकारी अशोक हॉटेलांच्या नोकरीत लागले. पुढे मुंबईच्या सेंटॉर हॉटेलात एक्झिक्युटिव्ह शेफ झाले तेव्हा तिशीही गाठलेली नव्हती. झी टीव्हीवर ‘खाना खजाना’ सुरू झाला जानेवारी १९९३ मध्ये. मधली जवळपास ९ वर्षं कुणाच्या डोळ्यांपुढे नव्हती, आणि माझ्या मते पुढचं सगळं त्याच वर्षांवर उभं आहे.

हॉटेलच्या किचनमध्ये माणूस छान स्वयंपाक शिकतो, असं बाहेरच्यांना वाटतं. ते खरं आहे, पण थोडंच. तिथे खरी शिकवण मिळते ती हिशोबाची. सकाळी स्टोअरमधून काय आणि किती काढायचं त्याचा इंडेंट लिहायचा. मटाराच्या शेंगा एक किलो आणल्या की दाणे अर्ध्या किलोपेक्षा कमीच भरतात, हे पानावरच्या भावात धरायचं. एक पोर्शन किती ग्रॅमचा, ते ठरलेलं असतं. मंगळवारी सुट्टीवर गेलेल्या कुकच्या जागी दुसरा उभा राहिला तरी गिऱ्हाइकाला ग्रेव्हीतला फरक कळता कामा नये. एक्झिक्युटिव्ह शेफ स्वतः फोडणी क्वचितच देतो. तो वीस-तीस माणसांच्या हातून एकच चव रोज काढून घेतो. माझ्या पहिल्या वर्षी हेडशेफनी मला सलग दोन महिने कांदा सोलून त्याचं आधीचं आणि नंतरचं वजन लिहायला लावलं होतं. तेव्हा मला ती शिक्षा वाटली. आज माझ्या युनिटमध्ये नव्या मुलीला पहिला महिना मी तेच काम देते.

आता १९९३ कडे या. झी टीव्ही सुरू झाला ऑक्टोबर १९९२ मध्ये. तोपर्यंत बहुतेक घरांत दूरदर्शनच होतं. नवी वाहिनी, घरात एकच टीव्ही, तो सगळ्यांनी मिळून बघायचा, आणि त्यात हॉटेलचा एक तरुण शेफ हसतमुखानं घरच्या गॅसवर होईल असा पदार्थ करून दाखवतोय. सुरुवातीच्या भागांचं दिग्दर्शन हंसल मेहता यांचं होतं. कार्यक्रम १७ वर्षांहून जास्त चालला. असं दार आता कुणालाच उघडं नाही. एका कार्यक्रमासाठी अख्खं घर थांबतंय अशी वेळच उरलेली नाही, ज्याच्या-त्याच्या हातात ज्याची-त्याची वाहिनी आहे. म्हणून ‘आधी वाहिनीवर जाऊ का’ याला माझं उत्तर असं की संधी आली तर जरूर जा, पण तिच्यावर घर चालवण्याचा बेत करू नका. ज्या कार्यक्रमांत मी काम केलं त्यांत येणाऱ्या बहुतेक पाहुण्या शेफना मानधन येण्याजाण्यापुरतंच मिळायचं.

त्या कार्यक्रमातलं एक वाक्य सगळ्या देशाला पाठ झालं: ‘नमक स्वाद अनुसार’. आपल्या आया-आज्या ‘मीठ चवीपुरतं’ म्हणतात तेच हे. या वाक्यावर मी पुष्कळ विचार केलाय, कारण तुमच्या प्रश्नाचं मर्म मला त्यातच दिसतं.

टीव्हीवर ‘स्वाद अनुसार’ म्हणणं अगदी बरोबर आहे. समोरची बाई तिच्या घरचं मीठ घालणार, तिच्या सासऱ्यांना रक्तदाब असेल तर कमी घालणार. तिचं तिखट ब्याडगीचं असेल नाहीतर लवंगीचं, डाळ नवी असेल नाहीतर दोन वर्षं जुनी. तिला निर्णयाला जागा ठेवली की पदार्थ तिचा होतो. चांगला टीव्ही-शेफ ही जागा कुठे ठेवायची आणि कुठे मुळीच ठेवायची नाही हे ओळखतो. हॉटेलात हजार वेळा केलेल्या पदार्थाची अडणारी जागा त्याला ठाऊक असते, म्हणून तिथे तो थांबतो, हात दाखवतो, दोनदा सांगतो.

हे चुकलं की काय होतं ते मी पाहिलंय. एका कार्यक्रमात आम्ही अळूवडी केली. चित्रीकरणात पानांना चिंचेचा कोळ लावताना पाहुण्या ताईंनी नीट सांगितलं होतं की हा सोडायचा नाही, याच्यानेच अळूची खाज जाते. संकलनात तेवढी वीस सेकंदं गेली, कारण भाग लांबत होता. प्रसारण झालं आणि दोन दिवस फोन येत राहिले. घसे खवखवले होते, एका घरी तर पाहुण्यांना वाढून झालं होतं. पडद्यावर सगळं सुंदरच दिसत होतं, वड्या कुरकुरीत होत्या. पण त्या बायकांनी त्यानंतर आमच्या कार्यक्रमातला नवा पदार्थ पाहुण्यांसाठी करायचं धाडस केलं नसणार. त्या दिवसापासून मी एक नियम केला. प्रत्येक पाककृती चित्रीकरणाआधी युनिटमधल्या अशा माणसाच्या घरी करून बघायची, ज्याच्या घरात ती कधी झालेली नाही. लाइटमनच्या बायकोनं, मेकअपवाल्या ताईंच्या बहिणीनं फक्त कागद वाचून ती करायची. त्यांनी फोन करून विचारलेला प्रत्येक प्रश्न पाककृतीत लिहायचा. सगळ्यात जास्त प्रश्न असायचे, ‘मध्यम आच म्हणजे किती?’ आणि ‘पाणी कुठपर्यंत?’

तुमचे काही व्हिडिओ मी बघितले. हात स्वच्छ आहे, बोलणं गोड आहे. तांबड्या रश्श्याच्या व्हिडिओखाली अकरा जणांनी विचारलंय की खोबरं किती भाजायचं. तुम्ही सगळ्यांना ‘छान वाटलं तर शेअर करा’ असं उत्तर दिलंय. हे बदला. ते अकरा जण म्हणजे तुमची लाइटमनची बायको आहेत.

आता दुसरी बाजू. मसाल्याच्या पाकिटात ‘चवीपुरतं’ नावाची वस्तू नसते. माझ्या कांदा-लसूण मसाल्यात किलोमागे ९० ग्रॅम मीठ आहे. ९५ झालं तर जुनी गिऱ्हाइकं सांगतात, ‘या वेळी खारट लागला’. ८० झालं तर सांगत नाहीत, पण पावसाळ्यात मसाला लवकर बिघडतो. स्वयंपाकी माणसानं उद्योजक व्हायचं म्हणजे हाताला जे कळतं ते काट्याला शिकवायचं, आणि ते फार जड जातं. हात चांगला असेल तर जास्तच जड जातं.

माझा मसाला मूळ सासूबाईंचा, कराडकडचा. पहिली दोन वर्षं तो मी घरगुती प्रमाणात विकला आणि नाव झालं. तिसऱ्या वर्षी जूनमध्ये ६० किलोचा घाणा एकदम केला. खोबऱ्याचा कीस घरी एका वेळी पाव किलो भाजतात, तेव्हा तो सगळीकडून सारखा तांबूस होतो. आम्ही मोठ्या कढईत चार-चार किलो घातला. वरून रंग आला, मधला ओलसर राहिला. त्यात ऑर्डरी थांबल्या होत्या म्हणून कांडपावरून आलेला मसाला नीट गार होऊ न देता पाकिटात भरला. आत वाफ धरली. तीन आठवड्यांत खवट वासाच्या तक्रारी यायला लागल्या. विकलेली पाकिटं मी परत घेतली, पैसे परत दिले, आणि उरलेला माल खड्डा करून पुरला. सासूबाई शेजारी उभ्या होत्या. त्या एवढंच म्हणाल्या, ‘मी कधी चार किलो भाजलंच नव्हतं गं.’ चूक त्यांच्या पाककृतीत नव्हती. ती पाककृती ६० किलोंसाठी कुणी लिहिलेलीच नव्हती. आज आमच्याकडे कीस एका वेळी ८०० ग्रॅमपेक्षा जास्त भाजत नाहीत, मसाला पूर्ण एक रात्र स्टीलच्या पसरट परातींत गार होतो, आणि जून ते सप्टेंबर या काळात आम्ही खोबऱ्याचा मसाला कमी आणि बिनखोबऱ्याचा जास्त करतो.

हे मनात ठेवून संजीव कपूर यांचे उद्योग परत बघा, वेगळे दिसतील. १९९७ मध्येच त्यांनी पाककृतींचं संकेतस्थळ काढलं, तेव्हा आपल्यातल्या बहुतेकांनी इंटरनेट पाहिलंही नव्हतं. पुस्तकं आली, ती मराठीतही घरोघरी गेली. यात माल खराब होण्याचा प्रश्नच नाही, विकली जाते ती पारखलेली पाककृती. मग दुबईत हॉटेल, पुढे ‘द येलो चिली’च्या शाखा फ्रँचायझीनं. फ्रँचायझी म्हणजे तुमच्या नावाचं जेवण तुम्ही कधी न भेटलेला कुक बनवणार. पाककृती ग्रॅममध्ये उतरलेली नसेल तर ती दुसऱ्या गावात टिकत नाही. सेंटॉरच्या किचनमधला हिशोब इथे कामाला आला, असं मी खात्रीनं म्हणेन.

२००९ मध्ये रवी सक्सेना यांच्याबरोबर त्यांनी ‘वंडरशेफ’ काढली, भांडी आणि स्वयंपाकघरातली उपकरणं. या निर्णयाचं मला फार कौतुक वाटतं. टीव्हीवर रोज स्वयंपाक करणाऱ्याला बायका पाककृतीइतक्याच वेळा ‘ही कढई कुठली?’ हे विचारतात. आमच्या छोट्या कार्यक्रमालाही विचारायच्या. म्हणजे मागणी समोरच होती. शिवाय कढईला एक्सपायरी नसते, ती जूनमध्ये खवट होत नाही. आणि धंदा बघायला अनुभवी भागीदार घेतला. जानेवारी २०११ मध्ये ‘फूडफूड’ वाहिनी आली तेव्हाही मलेशियातल्या ॲस्ट्रो या माध्यमसमूहाची भागीदारी होती. वाहिनी चालवणं म्हणजे दर महिन्याला प्रचंड पैसा, तो एकट्या शेफच्या खिशाचा विषय नव्हे. २०१७ मध्ये पद्मश्री मिळाली. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये दिल्लीत त्यांच्या देखरेखीखाली ९१८ किलो खिचडी शिजली आणि तिचा गिनेस विक्रम झाला. लोकांना त्यातला आकडा आठवतो. मला त्या कढईतलं पाण्याचं प्रमाण कुणी आणि कसं काढलं असेल याचीच उत्सुकता वाटते, कारण मोठ्या भांड्यात पाणी घरच्या हिशोबानं आटत नाही. चार जणांची खिचडी दोनशेनं गुणून चालत नाही, हे केटरिंग करणारा प्रत्येक आचारी सांगेल.

या कारकिर्दीतली आणखी एक गोष्ट तुम्ही नीट लक्षात घ्या, कारण ती तुमच्या आजच कामाची आहे. डिसेंबर २०१० मध्ये झीनं ‘झी खाना खजाना’ नावाची स्वतंत्र खाद्यवाहिनी काढली. आणि महिन्याभरात कपूर वेगळ्या नावाची, स्वतःची वाहिनी घेऊन आले. ज्या नावानं घराघरांत ओळख झाली ते कार्यक्रमाचं नाव वाहिनीच्या घरी राहिलं. त्यांच्याबरोबर गेलं ते त्यांचं स्वतःचं नाव, आणि त्या नावावरचा विश्वास. म्हणून वाहिनीचा किंवा कुठल्याही निर्मात्याचा करार हातात आला तर मानधनाच्या आधी तीन गोष्टी वाचा: कार्यक्रमाचं नाव कुणाचं, चित्रित झालेल्या पाककृती तुम्ही दुसरीकडे वापरू शकता का, आणि कराराच्या काळात स्वतःचं उत्पादन विकायला मनाई आहे का. वकिलाला दाखवायचे दोन-पाच हजार वाचवू नका.

तुमच्या व्हिडिओंचं नाव आत्ता ट्रेडमार्क म्हणून नोंदलेलं नाही, असं तुम्हीच लिहिलंय. आधी ते करा. या नोंदणीत माल आणि सेवांचे ठरावीक वर्ग असतात. मसाले तिसाव्या वर्गात येतात, लोणची एकोणतिसाव्यात, कार्यक्रम आणि प्रशिक्षण एक्केचाळिसाव्यात, हॉटेल त्रेचाळिसाव्यात. एका व्यक्तीनं ऑनलाइन अर्ज केला तर एका वर्गाची सरकारी फी ४,५०० रुपये आहे, आणि नोंदणी दहा वर्षं चालते. पाककृतीच्या जिनसांच्या यादीवर मात्र कुणाचीच मालकी राहत नाही. तुमचा व्हिडिओ बघून उद्या कुणीही तसाच मसाला करेल. नाव आणि चवीतलं सातत्य, एवढंच तुमचं.

हॉटेलची नऊ वर्षं नसतील तर दार बंदच, असं मात्र मी म्हणत नाही. तरला दलाल यांनी हॉटेलात काम केलं नव्हतं. जन्म पुण्याचा, १९३६ चा. लग्नानंतर मुंबईत गेल्या आणि १९६६ मध्ये घरी स्वयंपाकाचे वर्ग सुरू केले. पहिलं पुस्तक आलं १९७४ मध्ये. शंभराहून जास्त पुस्तकं, मग टीव्ही, संकेतस्थळ, २००७ मध्ये पद्मश्री. पण १९६६ ते १९७४ ही आठ वर्षं बघा. दर आठवड्याला समोर बसलेल्या बायकांचे हात कुठे अडखळतात हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलं. हॉटेलनं कपूर यांना जे दिलं तेच त्यांना वर्गांनी दिलं. नागपूरच्या विष्णू मनोहर यांची वाट तिसरीच. मराठी वाहिनीवरचा कार्यक्रम, त्याच्या बरोबरीनं लग्नाकार्यांची मोठी जेवणं आणि ‘विष्णूजी की रसोई’ हे हॉटेल. एप्रिल २०१७ मध्ये त्यांनी नागपुरात सलग ५० तासांहून जास्त वेळ स्वयंपाक केला तेव्हा सगळ्या वर्तमानपत्रांनी छापलं. इतके तास शेगडीपुढे उभं राहायची ताकद एका दिवसात येत नाही, ती वर्षानुवर्षांच्या पंगतींनी दिलेली असते.

तर तुमच्याकडे ही वर्षं कुठून येणार, हा खरा प्रश्न आहे. नोकरी सोडायची की नाही हा त्यानंतरचा.

याचं उत्तर तुमच्या घरच्या परिस्थितीवर अवलंबून आहे आणि ती मला पूर्ण माहीत नाही. कर्जाचे हप्ते आहेत का, घरात दुसरा पगार आहे का, आईची तब्येत कशी आहे, त्या पुण्यात येऊन राहतील की मसाला गावीच होणार. आईंचं मत काय, हे तुमच्या प्रश्नात कुठेच आलं नाही. पाककृती त्यांची आहे. त्यांना वयाच्या साठीत रोज शंभर किलो मिरचीच्या खकाण्यात उभं राहायचं आहे का, हे त्यांना विचारा. पाकिटावर त्यांचं नाव लावणार असाल तर नफ्यात त्यांचा वाटा कागदावर लिहा. घरच्या बाईचं कौशल्य फुकट धरून उभे राहिलेले बरेच उद्योग मी पाहिलेत, आणि त्या बाईचे हात थकले की ते कसे बसतात तेही पाहिलंय.

हप्ते असतील आणि घरात दुसरा पगार नसेल तर नोकरी सोडू नका. दुसरा पगार असेल तरीही पुढचे आठ-दहा महिने नोकरी ठेवूनच करा, असं मी म्हणेन. कारण हा हिशोब बघा. समजा एक किलो मसाल्याला कच्चा माल ४५० रुपये पडला. मिरची-खोबऱ्याच्या भावावर तो वर्षात बराच खालीवर होतो. भाजणीचा गॅस, कांडप आणि मजुरी १२०. पाकीट, लेबल, खोकं ७०. झाले ६४०. तुम्ही २०० ग्रॅमचं पाकीट २०० रुपयांना ठेवलंत, म्हणजे किलोला १,०००. दुकानदार आणि वितरक मिळून त्यातले ३००-३५० नेतात. ३२० धरा. तुमच्या हातात आले ६८०. उरले ४० रुपये, त्यातून जीएसटी, वाहतूक, परत आलेला माल आणि तुमचा स्वतःचा पगार. म्हणजे दुकानातून विकून सुरुवातीलाच तोटा.

इथे तुमचे ४० हजार लोक खरोखर उपयोगी आहेत. त्यांना थेट विकलंत तर ते ३२० वाचतात, कुरिअरचा खर्च वजा जाऊनही काही उरतं. पण आकडा ४० हजारांचा धरू नका. पहिलं पाकीट लोक तुमच्या प्रेमापोटी घेतील. दुसरं पाकीट कितीजणांनी मागवलं ते मोजा, तुमचा धंदा तेवढाच आहे. माझ्या अनुभवात दुसऱ्यांदा मागवणाऱ्यांतले निम्मे तरी वर्षानुवर्षं राहतात, आणि तेच शेजारणीला सांगतात. दुसऱ्या कुणाचा माल पैसे घेऊन दाखवत असाल तर व्हिडिओत तसं स्पष्ट सांगा. जाहिरातीच्या नियमांत ते बसतंच, पण त्याहून महत्त्वाचं म्हणजे उद्या तुमचा मसाला चांगला आहे असं सांगताना लोकांनी ते खरं मानायला हवं.

कामाला सुरुवात पाच-पाच किलोंच्या तीन घाण्यांनी करा, तिन्ही वेगवेगळ्या महिन्यांत. एक कडक उन्हाळ्यातला, एक ऐन पावसाळ्यातला, एक दिवाळीनंतरचा. मिरची कोणती, कुठल्या बाजारातली, देठ काढल्यावर किती भरली, उन्हात किती तास, कीस एका वेळी किती भाजला, सगळं वहीत. प्रत्येक घाण्यातली दहा पाकिटं कपाटात ठेवायची आणि महिन्याला एक फोडायचं. वास, रंग, गोळा धरलाय का ते बघायचं. तिसऱ्या घाण्यानंतर एक नमुना मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत द्या, ओलावा आणि जिवाणूंची तपासणी होईल, आणि पाकिटावर किती महिन्यांची मुदत लिहायची ते तुमच्या अंदाजावर राहणार नाही. विक्री सुरू करण्याआधी एफएसएसएआयची, म्हणजे अन्नसुरक्षेच्या सरकारी संस्थेची नोंदणी हवीच, १४ आकडी क्रमांक पाकिटावर छापावा लागतो. जिनसांची यादी वजनाच्या उतरत्या क्रमानं, निव्वळ वजन, बॅच क्रमांक, तारखा, पत्ता, शाकाहाराचं हिरवं चिन्ह. यातलं काही ‘नंतर बघू’ म्हणून सोडू नका. तक्रार आली की बॅच क्रमांकानंच कळतं की नेमकी कुठली पाकिटं परत घ्यायची. माझ्या त्या ६० किलोंच्या वेळी बॅच क्रमांक नव्हते, म्हणून चांगला मालही परत घ्यावा लागला.

व्हिडिओ याच काळात चालू ठेवा, फक्त त्यांचा रोख बदला. या तीन घाण्यांमध्ये तुम्हाला जे कळेल तेच दाखवा. खोबरं किती भाजायचं याचा एक अख्खा व्हिडिओ करा, तीन छटा शेजारी-शेजारी ठेवून. त्या अकरा जणांना नाव घेऊन उत्तर द्या. वाहिनीकडे जायचं झालं तर या कामानंतर जा. तेव्हा तुमच्याकडे सांगण्यासारखं असं काही असेल जे दुसऱ्या हौशी माणसाकडे नाही.

म्हणजे आत्ता नोकरी ठेवा, नावाची नोंदणी करा, आईंशी बोला, तीन घाणे करा. वर्षभरानं दुसऱ्यांदा मागवणारे दोन-तीनशे लोक झाले आणि चव तिन्ही ऋतूंत सारखी राहिली, तर नोकरीचा प्रश्न मला परत विचारा. तेव्हा माझं उत्तर बहुधा वेगळं असेल. हॉटेलचा विचार मात्र इतक्यात नको. त्याला रोजची माणसं लागतात, आणि ती सांभाळायला तुम्ही अजून शिकलेला नाहीत.

पहिल्या घाण्याच्या दिवशी काटा आईंच्या उजव्या हाताला ठेवा. त्यांना मोजून घ्यायला सांगू नका, हात बिचकतो. नेहमीसारखी मूठ भरू द्या, ती ताटलीत रिकामी करायला सांगा, वजन लिहा, आणि मग ताटली त्यांच्या हातात द्या. माझ्या पहिल्या वहीत धण्यांपुढे तीन दिवसांची तीन वजनं आहेत: १४२, १२८ आणि १५५ ग्रॅम. तिन्ही वेळा सासूबाई ‘दोन मुठी’ असंच म्हणाल्या होत्या, आणि मसाला तिन्ही वेळा चांगला झाला होता, कारण धणे जास्त पडले त्या दिवशी त्यांनी तीळ आपोआप कमी घेतले होते. ते तिळाचं वजन लिहायचं मी पहिल्या दोन वेळा विसरले. तुम्ही विसरू नका.